शेजार हीदेखील नागरी सुविधाच

जागतिक आरोग्य संघटनेच्या सामाजिक संबंधविषयक आयोगाचा अहवाल ३० जून २०२५ रोजी प्रसिद्ध झाला. जगातील दर सहा माणसांपैकी एकाला एकाकीपणा जाणवतो आणि त्याच्याशी निगडित मृत्यूंची संख्या वर्षाला सुमारे ८ लाख ७१ हजार, म्हणजे ताशी शंभराच्या आसपास आहे, हे त्यातील ठळक आकडे. याच अहवालातील आणखी एक आकडेवारी आपल्या दृष्टीने अधिक महत्त्वाची आहे. उच्च उत्पन्न गटातील देशांत एकाकीपणा जाणवणाऱ्यांचे प्रमाण सुमारे ११ टक्के आहे. अल्प उत्पन्न गटातील देशांत मात्र ते २४ टक्क्यांच्या घरात जाते. वयाचा विचार केला तर हे प्रमाण सर्वाधिक आढळते ते तरुणांमध्ये. भारत या दोन गटांच्या मधल्या पायरीवर आहे. तरीही ‘एकाकीपणा हा श्रीमंत पाश्चात्त्यांचा आजार, आपल्याकडे कुटुंबव्यवस्था आहे’ हे आपले आवडते विधान या आकड्यांपुढे टिकत नाही.

हे विधान केवळ गप्पांपुरते असते तर त्याकडे दुर्लक्ष करता आले असते. पण आपली सार्वजनिक धोरणे त्याच गृहीतकावर उभी आहेत. आई-वडील व ज्येष्ठ नागरिकांच्या निर्वाह व कल्याणासाठी २००७ मध्ये केलेला कायदा पाहा. मुलांनी पालकांचा सांभाळ करावा, न केल्यास न्यायाधिकरणाकडे दाद मागता यावी, वृद्धांना वाऱ्यावर सोडणाऱ्यास तीन महिन्यांपर्यंत कारावास व्हावा, अशी त्याची रचना आहे. कायदा आवश्यकच होता. मात्र त्याला वृद्ध माणसाचे एकच नाते दिसते, ते रक्ताचे. दुसरीकडे, ऑक्टोबर २०२२ पासून सुरू झालेली ‘टेली-मानस’ ही हेल्पलाइन पाहा. तीही उपयुक्तच आहे. पण फोन करणारा माणूस तिच्या लेखी रुग्ण वा संभाव्य रुग्ण असतो. कुटुंब आणि दवाखाना या दोन टोकांच्या मधले जे विस्तीर्ण क्षेत्र आहे, म्हणजे शेजारी, ओळखीचा दुकानदार, बागेतल्या बाकावरचा रोजचा सोबती, वाचनालयातला ग्रंथपाल, त्यांची नोंद धोरणाच्या कोणत्याही रकान्यात नाही. शहरातला माणूस एकाकी होतो तो बहुतांशी याच क्षेत्रात.

एकटे राहणे आणि एकाकी असणे यांतला फरक इथे स्पष्ट करायला हवा. ओडिशाच्या गंजाम जिल्ह्यातून सुरतेच्या यंत्रमागांवर आलेला कामगार क्वचितच एकटा असतो. तो ज्या ‘मेस’मध्ये राहतो तिथल्या एकेका खोलीत कितीतरी माणसे पाळीपाळीने झोपतात; दिवसपाळीचा कामगार उठून गेला की त्याच अंथरुणावर रात्रपाळीचा येऊन आडवा होतो. बारा-बारा तासांच्या पाळ्या, भाषा वेगळी, मतदानाचा हक्क गावाकडे आणि घरची माणसे शेकडो मैलांवर. शरीराला एकांत मिळू नये आणि मनाला सोबत मिळू नये, अशी ही अवस्था आहे. याउलट केरळच्या पत्तनंतिट्टा जिल्ह्यातील प्रशस्त घरात एकटी राहणारी वृद्धा, जिची मुले आखातात वा अमेरिकेत आहेत, ती दररोज व्हिडीओ कॉलवर नातवंडांना पाहते; पण घराचे फाटक दिवसभरात कोणी उघडत नाही. बेंगळूरु वा गुरुग्राममधील पेइंग गेस्ट म्हणून राहणारा तरुण अभियंता, श्रीपेरुंबुदूरच्या इलेक्ट्रॉनिक्स कारखान्यांत काम करून वसतिगृहात परतणारी तरुणी, लग्न होऊन अपरिचित शहरात आलेली आणि फ्लॅटच्या चार भिंतींत अडकलेली गृहिणी, या सर्वांची परिस्थिती भिन्न आहे. त्यांच्यातले समान सूत्र एवढेच की, त्यांच्या शहराने त्यांना काम, निवारा किंवा संसार दिला, पण ओळख होण्याची जागा दिली नाही.

२०११ च्या जनगणनेनुसार देशात ४५ कोटींहून अधिक माणसे आपले पूर्वीचे राहण्याचे ठिकाण सोडून अन्यत्र राहत होती. त्यातील स्त्रियांच्या स्थलांतराचे सर्वांत मोठे कारण विवाह हे होते. त्यानंतरची जनगणना २०२७ मध्ये होत आहे. म्हणजे सोळा वर्षांत हा लोंढा किती फुगला, याचे नेमके उत्तर आपल्यापाशी नाही. पण २०२० च्या टाळेबंदीने एक गोष्ट उघड केली. वर्षानुवर्षे शहरात राबलेली माणसे काम थांबताच शेकडो किलोमीटर पायी चालत गावाकडे निघाली. मजुरी बुडाली, भाडे थकले, रेशनकार्ड गावाकडचे होते, ही कारणे खरीच. परंतु ‘चार दिवस थांबा, बघू काहीतरी’ असे म्हणणारे हक्काचे माणूसही त्यांच्यातील अनेकांना त्या शहरात नव्हते. इतक्या वर्षांत शहराशी त्यांचा व्यवहार झाला, संबंध जुळला नाही.

यावर सहज सुचणारा उपाय म्हणजे जुन्या मोहल्ल्याची, वाड्याची, चाळीची आठवण काढणे. तो मोह टाळलेला बरा. मुंबईच्या बीडीडी चाळींतील १६० चौरस फुटांच्या खोल्या आणि सामायिक शौचालये ज्यांनी वर्षानुवर्षे सोसली, त्यांना ५०० चौरस फुटांचे घर मिळताना शेजारधर्माची व्याख्याने देणे हा अप्पलपोटेपणा ठरेल. शिवाय जुन्या शेजाराची ऊब सर्वांना सारखी मिळत नव्हती. गावातल्या ‘आपलेपणा’त कोणाची वस्ती वेशीबाहेर असे, हे डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी संविधान सभेत ४ नोव्हेंबर १९४८ च्या भाषणात खेड्यांविषयी जी कठोर भूमिका घेतली, तीवरून पुरेसे स्पष्ट होते. कोणी ओळखत नाही, कोणी जात विचारत नाही, आल्यागेल्यावर कोणाची नजर नाही, ही शहराची देणगी दलितांना आणि स्त्रियांना मुक्त करणारी ठरली. तेव्हा प्रश्न जुने बंध परत आणण्याचा नाही. पाळत न ठेवता दखल घेणारा आणि जात न विचारता दार उघडणारा शेजार कसा घडेल, हा आहे.

आजची शहरे हे दोन्ही बाजूंनी गमावत आहेत. अनोळखीपणाचे स्वातंत्र्य आटत चालले आहे. घर भाड्याने देताना धर्म, जात, आहार, वैवाहिक स्थिती यांची चौकशी सर्रास होते. ईशान्य भारतातून दिल्लीत आलेल्या तरुणांना भोगाव्या लागणाऱ्या वागणुकीचा अभ्यास करण्यासाठी केंद्राने २०१४ मध्ये बेझबरुआ समिती नेमली, ती निडो तानिया या अरुणाचली विद्यार्थ्याच्या मृत्यूनंतर. एका बाजूला ही चौकशी आणि दुसऱ्या बाजूला कुंपणाआडच्या वसाहती. दारावर सुरक्षारक्षक, प्रत्येक पाहुण्याची ॲपवर नोंद, घरकामगार आणि डिलिव्हरी करणाऱ्यांसाठी वेगळी लिफ्ट. किराणा दहा मिनिटांत घरपोच येतो, तेव्हा कोपऱ्यावरच्या दुकानापर्यंतची चक्कर वाचते आणि तिच्यासोबत वाटेत होणारी चार माणसांची भेटही. जो तरुण ती पिशवी घेऊन येतो, त्याचा दिवस अनोळखी दारांपुढे काही सेकंद उभे राहण्यात सरतो. नीती आयोगाच्या २०२२ च्या अहवालाने २०२०-२१ मध्ये अशा गिग कामगारांची संख्या ७७ लाख असल्याचा आणि २०२९-३० पर्यंत ती २ कोटी ३५ लाखांवर जाण्याचा अंदाज वर्तवला होता. एकाच व्यवहाराच्या दोन्ही टोकांना एकाकीपणा वाढवणारी अर्थव्यवस्था आपण सोयीच्या नावाखाली उभी करत आहोत.

हे सारे अपरिहार्य आहे काय? घर आणि रस्ता यांच्या मधल्या जागेसाठी भारतातल्या जवळपास प्रत्येक भाषेत स्वतंत्र शब्द आहे. तमिळनाडूत तिला ‘तिण्णै’ म्हणतात, कर्नाटकात ‘जगली’, आंध्र-तेलंगणात ‘अरुगु’, गुजरातेत ‘ओटलो’, बंगालात ‘रोवाक’, उत्तरेत ‘चबुतरा’ आणि मराठीत ओटा किंवा ओसरी. या जागेवर बसायला आमंत्रण लागत नसे आणि उठून जायला निमित्तही लागत नसे. कोलकात्याचा ‘अड्डा’ याच रोवाकावर वाढला. तिथे बसायची मुभा बहुधा पुरुषांना आणि बरोबरीच्या जातींना होती, हा दोष मान्य करूनही तिच्यामागचे तत्त्व मोलाचे आहे. आपल्या बांधकाम नियमांत मात्र या जागेला स्थान उरलेले नाही. भूखंडाच्या कडेने सामासिक अंतर, त्याभोवती भिंत आणि तळमजल्यावर खांबांच्या मध्ये वाहनतळ, असा आजच्या इमारतीचा साचा आहे. रस्त्याच्या पातळीवर माणसांचा वावर होता, तिथे मोटारी उभ्या राहिल्या. हा बदल नियमावलीतून घडला आहे, म्हणून तो नियमावलीतून सुधारताही येईल.

एकाकीपणावर बोलताना ब्रिटन आणि जपानचे दाखले दिले जातात. ब्रिटनने २०१८ मध्ये आणि जपानने २०२१ मध्ये या विषयासाठी मंत्री नेमले. जपानमध्ये २०२४ पासून तर त्यासंबंधीचा कायदाही लागू झाला. आपल्याकडे दिल्लीत आणखी एक मंत्रालय उघडल्याने फारसे साधणार नाही. ही समस्या गल्लीत घडते, तेव्हा तिची जबाबदारी महापालिकेवर आणि प्रभागावर असायला हवी. याची घटनात्मक सोयही आहे. ७४व्या घटनादुरुस्तीने तीन लाखांहून अधिक लोकसंख्येच्या शहरांत प्रभाग समित्यांची तरतूद केली आणि बाराव्या अनुसूचीत उद्याने, मैदाने, सांस्कृतिक व शैक्षणिक कार्य, दुर्बल घटकांचे हितरक्षण हे विषय नागरी संस्थांकडे सोपवले. तीन दशके उलटूनही अनेक शहरांत या समित्या कागदावरच आहेत. १०० शहरांसाठी २०१५ मध्ये सुरू झालेले ‘स्मार्ट सिटी’ अभियान मार्च २०२५ मध्ये संपले. त्यातून नियंत्रण कक्ष उभे राहिले, कॅमेरे लागले. शहरावर नजर ठेवण्याची क्षमता वाढली, शहराला एकमेकांची विचारपूस करता यावी यासाठीची क्षमता तितकी वाढली नाही.

‘पाणी, सांडपाणी, कचरा हेच प्रश्न सुटलेले नसताना ही चैन कशाला?’ असा आक्षेप घेतला जाईल. त्याचे उत्तर उष्णतेच्या लाटांमध्ये सापडते. १९९५ च्या जुलैमध्ये शिकागोत उष्म्याने सातशेहून अधिक माणसे दगावली. समाजशास्त्रज्ञ एरिक क्लायनेनबर्ग यांनी या मृत्यूंचा अभ्यास केला, तेव्हा दारिद्र्य आणि वृद्धांचे प्रमाण जवळपास सारखे असलेल्या दोन शेजारच्या वस्त्यांतील मृत्युदरात मोठी तफावत आढळली. जिथे रस्ते गजबजलेले, दुकाने उघडी आणि वृद्धांना घराबाहेर पडण्याचे कारण होते, तिथे माणसे वाचली. आपल्याकडे मे २०१० मध्ये अहमदाबादेत उष्णतेच्या लाटेत नेहमीपेक्षा १,३४४ मृत्यू अधिक झाले. त्यातून धडा घेऊन या शहराने २०१३ मध्ये दक्षिण आशियातील पहिला उष्णता कृती आराखडा तयार केला आणि पुढे अनेक शहरांनी तो गिरवला. मात्र इशाऱ्याचा संदेश मोबाइलवर पोहोचला तरी, बंद दाराआड एकट्या राहणाऱ्या वृद्धाने पाणी प्यायले का, हे पाहण्यासाठी कोणीतरी ते दार ठोठवावे लागते. ते दार कोणते हे ठाऊक असणारा माणूस प्रभागात नसेल, तर आराखड्याची शेवटची पायरीच तुटते. पाण्याच्या नळाइतकाच शेजारही जीव वाचवतो, हे विधान म्हणूनच भावनिक नाही.

अशी माणसे उभी करण्याचा अनुभव देशाला नवा नाही. कोझिकोडच्या शासकीय वैद्यकीय महाविद्यालयात १९९३ मध्ये वेदनाशमन व उपशामक सेवेसाठी एक छोटी संस्था सुरू झाली. अंथरुणाला खिळलेल्या रुग्णाला औषधाइतकीच माणसाची गरज असते, हे ओळखून तिच्या कार्यकर्त्यांनी पुढे उत्तर केरळात वस्तीपातळीवर स्वयंसेवकांचे जाळे विणले. आठवड्याला किमान दोन तास देऊ शकणाऱ्या सामान्य माणसांना प्रशिक्षण द्यायचे, त्यांनी आपल्याच परिसरातील रुग्णांकडे जायचे, गरज पडल्यास परिचारिका व डॉक्टरांना कळवायचे, अशी ही पद्धत आहे. २००८ मध्ये केरळ सरकारने उपशामक सेवेचे धोरण स्वीकारले, ते देशातले पहिलेच. आणि ही जबाबदारी स्थानिक स्वराज्य संस्थांच्या कामाचा भाग झाली. त्याच राज्यात १९९८ पासून ‘कुटुंबश्री’ने दहा ते वीस स्त्रियांचे शेजारगट उभे केले. बचत आणि कर्ज हे त्यांचे दृश्य काम. आठवड्याला एकमेकींना भेटण्याचे सर्वमान्य कारण स्त्रियांना मिळाले, ही त्यांची तितकीच मोठी मिळकत. पूर्वेकडे कोलकाता पोलिसांनी २००९ पासून ‘प्रणाम’ उपक्रमातून एकट्या राहणाऱ्या ज्येष्ठांशी नियमित संपर्क ठेवला आहे. एकाकीपणा निवारणाची पाटी न लावताच ही कामे चालली आहेत, आणि त्यांच्या यशाचे ते एक कारण असावे. ‘तू एकटी आहेस म्हणून आलो’ असे सांगून आलेल्या माणसासाठी कोणीही सहजी दार उघडत नाही.

इथे एक सावधगिरी आवश्यक आहे. शेजार, सेवा, विचारपूस हे शब्द धोरणात आले की त्यांचा भार स्त्रियांच्या खांद्यावर पडतो. २०२४ च्या वेळ-वापर सर्वेक्षणानुसार घरकामात भाग घेणाऱ्या स्त्रिया त्यावर दिवसाला २८९ मिनिटे खर्च करतात, तर पुरुष ८८ मिनिटे. ज्या केरळचे कौतुक करायचे, तिथेच २०२५ मध्ये ‘आशा’ कार्यकर्त्यांना मानधनवाढीसाठी तिरुवनंतपुरमच्या सचिवालयासमोर दीर्घकाळ आंदोलन करावे लागले. आठवड्याचे दोन तास स्वेच्छेने देणे आणि रोजचे काम ‘सेवा’ म्हणून करवून घेणे यांतली रेषा राज्यसंस्थेने पुसता कामा नये. प्रभागात घरोघरी जाणारी व्यक्ती नियमित काम करत असेल, तर तिला नियमित वेतन मिळाले पाहिजे.

मग नेमके काय करावे? पहिली गोष्ट मोजणीची. वृद्धत्वाच्या राष्ट्रीय अभ्यासातून ४५ वर्षांवरील माणसांविषयी थोडेफार कळते. तरुण आणि स्थलांतरितांविषयी मात्र काहीच नियमित माहिती गोळा होत नाही. राष्ट्रीय नमुना पाहणीत दोन-तीन साधे प्रश्न घालता येतील: अडचणीत रात्री कोणाला हाक माराल? गेल्या आठवड्यात घरातल्या व कामावरच्या माणसांखेरीज कोणाशी बोललात?

दुसरी गोष्ट जागेची. नगररचनेच्या २०१४ च्या केंद्रीय मार्गदर्शक तत्त्वांत माणशी १० ते १२ चौरस मीटर मोकळ्या जागेची अपेक्षा आहे. ती गाठणे दाट शहरांना कठीण असेल. पण आहे ती जागा उघडी ठेवणे कठीण नाही. अनेक शहरांत उद्यानांना दिवसातले कित्येक तास कुलूप असते. बेंगळूरुत ते तास २०२४ मध्ये वाढवण्यात आले. तिथे जमले ते इतरत्रही जमावे. चेन्नई महापालिकेने अण्णा नगरात गिग कामगारांसाठी विश्रांतिकक्ष उभारला, तो प्रयोग प्रत्येक प्रभागात व्हायला हवा. फेरीवाल्यांसाठीच्या २०१४ च्या कायद्याने शहराच्या लोकसंख्येच्या अडीच टक्क्यांपर्यंत विक्रेत्यांना सामावून घेण्याचा निकष दिला. तो नीट अमलात आला तर उपजीविकेसोबत रस्त्यावरचा माणसांचा वावरही राखला जाईल. आणि हा वावर स्त्रियांसाठीही हवा. शिल्पा फडके, समीरा खान आणि शिल्पा रानडे यांनी मुंबईच्या अभ्यासातून २०११ मध्येच दाखवून दिले की, शहरात स्त्री दिसते ती काहीतरी कामासाठी निघालेली. विनाकारण थांबण्याचा हक्क तिला नाही. ओळखी होतात त्या मात्र विनाकारण थांबल्यावरच.

तिसरी गोष्ट वेळेची, आणि ती सर्वांत अवघड. २०२५ मध्ये आंध्र प्रदेशने कामाचे दैनंदिन तास ९ वरून १० करण्याचे ठरवले. महाराष्ट्राच्या मंत्रिमंडळाने कारखान्यांसाठी ही मर्यादा ९ वरून १२ तासांवर नेण्यास मंजुरी दिली. आठवड्याची ४८ तासांची मर्यादा कायम आहे, असे त्याचे समर्थन केले जाते. पण बारा तासांची पाळी आणि दोन तासांचा प्रवास यांनंतर उरलेल्या दिवसात माणूस केवळ झोपू शकतो. बागा उघड्या ठेवायच्या आणि तिथे जायला कोणापाशी वेळ ठेवायचा नाही, हा विरोधाभास गुंतवणुकीच्या आकड्यांनी झाकला जाणार नाही. कामाच्या तासांचा निर्णय घेताना उद्योग खात्याबरोबर आरोग्य खात्याचेही मत घेतले जावे, एवढी मागणी तरी अवाजवी म्हणता येणार नाही.

मैत्री सरकारी आदेशाने होत नाही, हे उघड आहे आणि तशी अपेक्षाही कोणी करू नये. शहराने करायचे ते इतकेच: बाक ठेवायचा, दिवा लावायचा, फाटकाचे कुलूप काढायचे, आणि तिथे कोण बसू शकेल याविषयी कोणाला नियम करू द्यायचे नाहीत. येत्या काही वर्षांत अनेक राज्यांत महापालिकांच्या निवडणुका होतील. उमेदवार दारात येतील तेव्हा रस्ते आणि पाण्यासोबत हेही विचारावे: आमच्या प्रभागातले वाचनालय रात्री किती वाजेपर्यंत उघडे असते, आणि एकटी राहणारी माणसे कोणत्या घरांत आहेत हे तुमच्या कार्यालयात कोणाला ठाऊक आहे? या दोन प्रश्नांची उत्तरे ज्या शहरात मिळतील, तिथे पुढची उष्णतेची लाट किंवा टाळेबंदी आली तरी माणसे बेवारस ठरणार नाहीत.